मिरवणुकीतली ‘निळी तिरीप’

मा. संपादक,
स. न. वि. वि.

माझ्या सातवीतल्या नातवाने वहीत एक काल्पनिक राज्य रचले असून, तेथे डोंगरापलीकडून येणारी ‘निळी तिरीप’ ज्याच्या डोळ्यांत शिरते, त्याला त्या क्षणी समोर असलेली वस्तूच पुढे आयुष्यभर दिसत राहते. पानाच्या कोपऱ्यात एक शेतकरी काढला आहे. बिचाऱ्याला बायकोच्या चेहऱ्यावरही बैलाची शिंगेच दिसतात. मला यात अतिशयोक्ती वाटली नाही. विसर्जन मिरवणुकीतील लेझरचा झोत डोळ्याचे भिंग दृष्टिपटलावर बिंदूएवढ्या जागी एकवटते, तेथील पेशी भाजतात, आणि दृष्टिपटलाला वेदना जाणवत नसल्याने त्या वेळी काही कळतही नाही. मग नजरेच्या मधोमध डाग उरतो, तो कधी कायमचाही. अंबाबाईच्या किरणोत्सवात मावळतीचे किरण देवीच्या चरणांपासून मुखापर्यंत चढताना पाहायला गर्दी करणाऱ्या कोल्हापूरकरांना उजेडाचे वेड नवे नाही, पण तो उजेड कोणाच्या डोळ्यांवर रोखलेला नसतो.

नातवाच्या राज्यातले लोक तिरीप दिसताच घोंगडी पांघरतात. आपल्याकडे बापाच्या खांद्यावर बसून मिरवणूक पाहणाऱ्या पोरांना ती सोय नाही, तेव्हा मंडळांनी यंदा लेझर भाड्याने आणूच नयेत, ही विनंती.

– एक आजोबा, मंगळवार पेठ, कोल्हापूर