गृहपाठ पुन्हा वहीत येऊ द्या

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

शाळांनी रोजचा गृहपाठ व्हॉट्सअ‍ॅपच्या ग्रुपवर पाठवणे आता थांबवावे, एवढ्या एका मागणीसाठी हे पत्र लिहीत आहे. मार्च 2020 मध्ये शाळा बंद झाल्या तेव्हा दुसरा इलाजच नव्हता. त्या काळात शिक्षकांनी पदरमोड करून रिचार्ज मारले, वाड्यावस्त्यांवर रेंज शोधत मुलांपर्यंत अभ्यास पोचवला, त्याचे मोल मी जाणते. पण शाळा उघडून इतकी वर्षे झाली तरी अनेक ठिकाणी तीच रीत चालू आहे. संध्याकाळी वर्गाच्या ग्रुपवर फळ्याचा फोटो येतो, पाठोपाठ प्रश्नोत्तरांची पीडीएफ येते आणि मूल दप्तर टाकल्या टाकल्या आईकडे मोबाइल मागते. आईने नाही कसे म्हणायचे? अभ्यास त्यातच आहे.

मी पाचवी ते सातवीच्या वर्गांना शिकवत असे. निवृत्तीनंतर आमच्या गल्लीतली मुले संध्याकाळी माझ्याकडे अभ्यासाला बसतात. त्यांतला सहावीतला एक मुलगा, चांगला चुणचुणीत, परवा मोबाइल मांडीवर ठेवून भूगोलाची उत्तरे उतरवत होता. दोन बोटांनी फोटो मोठा करायचा, एक ओळ वाचायची, लिहायची, पुन्हा फोटो सरकवायचा. मध्येच वरून संदेशाची पट्टी उतरली, अंगठा तिकडे गेला, क्रिकेटची एक रील झाली, दुसरी झाली. परत आला तेव्हा कुठपर्यंत लिहिले होते ते सापडेना आणि एकच ओळ दोनदा लिहिली गेली. अक्षर मोत्यासारखे. लिहून झाल्यावर वही मिटायला लावून मी विचारले, ‘अक्षवृत्त म्हणजे काय रे?’ तो म्हणाला, ‘बाई, ते मॅडमनी ग्रुपवर टाकलंय. दाखवू?’

2011 साली ‘सायन्स’ या नियतकालिकात बेट्सी स्पॅरो, जेनी लिऊ आणि डॅनिएल वेगनर यांचा जो निबंध प्रसिद्ध झाला, त्यात हेच दिसले होते. लोकांना छोटी छोटी विधाने वाचून संगणकावर टंकायला दिली. हे जपून ठेवले जाणार आहे अशी ज्यांची समजूत होती त्यांना ती कमी आठवली. पुसले जाणार असे ज्यांना सांगितले होते त्यांना जास्त. विधाने फोल्डरमध्ये ठेवली तेव्हा तर मजकुरापेक्षा तो कोणत्या फोल्डरमध्ये आहे हेच लोकांना अधिक चांगले आठवले. याच निबंधातला आणखी एक प्रयोग, अवघड प्रश्न ऐकताच मनात आधी संगणक येतो असे सांगणारा, 2018 मध्ये इतर संशोधकांनी करून पाहिला आणि त्यांना तसे आढळले नाही, हेही सांगायला हवे. इंटरनेटने मेंदू सडतो, माणसाचे लक्ष गोल्डफिशपेक्षाही कमी झाले, असले जे संदेश फिरत असतात ते मी पुढे पाठवणाऱ्यांतली नाही. गोल्डफिशच्या गोष्टीला तर शास्त्रीय आधारच नाही. माझे म्हणणे इतकेच की, जे आठवण्याची वेळच येत नाही ते डोक्यात टिकत नाही, आणि शाळकरी वयात ती वेळच येऊ नये अशी व्यवस्था आपण करून ठेवली आहे.

आठवून बघण्याने शिकलेले पक्के होते. अमेरिकेतल्या रोडिगर आणि कार्पिके या मानसशास्त्रज्ञांनी 2006 मध्ये विद्यार्थ्यांना एक उतारा दिला. काहींनी तो पुन्हा वाचला, काहींनी न बघता आठवेल तेवढा लिहून काढला. पाच मिनिटांनी विचारले तेव्हा पुन्हा वाचणारे पुढे होते. आठवड्याने विचारले तेव्हा लिहून काढणारे. आपल्याकडे दिवेलागणीला परवचा म्हणवून घेत, त्यातही हेच घडत होते. पाढे, पावकी, निमकी, औटकी म्हणताना समोर पुस्तक नसायचे. औट म्हणजे साडेतीन, आणि सात औटे साडेचोवीस हे आतूनच काढावे लागे. त्या शिक्षणात छडी होती, अर्थ न कळता घोकणेही पुष्कळ होते, ते परत यावे असे मला मुळीच वाटत नाही. पण घोकंपट्टी नको म्हणता म्हणता आपण मुलांना आठवायला लावणेच सोडून दिले. त्याचे मला मनापासून वाईट वाटते.

लंडनच्या टॅक्सीचालकांना परवान्यासाठी शहराच्या मध्यावरच्या चेरिंग क्रॉसच्या आसपासचे सुमारे 25,000 रस्ते तोंडपाठ करावे लागतात. मेंदूशास्त्रज्ञ एलेनॉर मॅग्वायर यांनी 2000 साली दाखवून दिले की, या चालकांच्या मेंदूतल्या हिप्पोकॅम्पसचा, म्हणजे आठवणी आणि वाटा लक्षात ठेवणाऱ्या भागाचा, मागचा हिस्सा इतरांपेक्षा मोठा असतो. पुढे 2011 मध्ये शिकाऊ उमेदवारांचा वर्षानुवर्षे माग काढला, तेव्हा ही वाढ परीक्षा पास झालेल्यांतच दिसली. मोठ्या माणसांचा मेंदू कामाने इतका बदलतो, तर अकरा-बारा वर्षांच्या मुलांना आपण काय काम देतो याचा विचार नको का करायला?

लक्षाचे दुखणे तर कोणत्याही आईला विचारावे. गृहपाठ ज्या मोबाइलमध्ये, त्याच मोबाइलमध्ये गेम, रील्स आणि मित्रांचे ग्रुप. युनेस्कोच्या 2023 च्या शिक्षण अहवालात म्हटले आहे की, एकदा लक्ष उडाले की विद्यार्थ्याला पुन्हा अभ्यासात यायला वीस मिनिटांपर्यंत वेळ लागू शकतो. आपण किती वेळ बघत राहतो यावरच ज्या कंपन्यांची कमाई चालते, त्यांच्यासमोर मुलाला बसवायचे आणि वर ‘तुझं लक्षच नसतं’ म्हणून त्यालाच रागवायचे, हा अन्याय आहे.

आमच्या शेजारच्या सांगली जिल्ह्यात, कडेगाव तालुक्यातल्या मोहित्यांचे वडगाव या गावाने 2022 साली एकत्र बसून ठरवले आणि संध्याकाळी सातला भोंगा वाजू लागला. साडेआठला पुन्हा वाजेपर्यंत टीव्ही आणि मोबाइल बंद, मुले अभ्यासाला. मला या गावाचा फार अभिमान वाटतो. पण उद्या दुसऱ्या एखाद्या गावाने हाच निर्णय घेतला आणि तिथल्या शाळेचा गृहपाठ मोबाइलवर येत असेल, तर त्या दीड तासात मुलांनी करायचे काय? आणि ज्या घरात एकच मोबाइल आहे तिथे? वडील एमआयडीसीत दुसऱ्या पाळीला, मोबाइल त्यांच्या खिशात. मूल वाट बघून झोपते आणि सकाळी गृहपाठ केला नाही म्हणून बोलणी खाते. अशी मुले माझ्याकडे येतात.

करायचे काही फार मोठे नाही. शेवटच्या तासाची दहा मिनिटे ठेवावीत, गृहपाठ फळ्यावर लिहावा, मुलांनी तो आपल्या हाताने डायरीत उतरवून घ्यावा. तयार उत्तरे पाठवूच नयेत. पुस्तकात शोधू द्यावीत, चुकू द्यावीत. दुसऱ्या दिवशी वही-पुस्तक मिटून कालचे दोन-चार प्रश्न तोंडी विचारावेत. सुटीची सूचना, पालकसभेचा निरोप ग्रुपवर खुशाल टाकावा. गैरहजर राहिलेल्या मुलीला मैत्रिणीच्या घरी जाऊन वही आणता येते, त्यासाठी पालकांनी रात्री बाईंना फोन करू नयेत.

यात शिक्षकांना दोषी धरू नये, अशी कळकळीची विनंती आहे. त्यांच्याकडूनही दिवसभर फोटो, लिंक आणि माहिती मागवली जात असते. गृहपाठ ग्रुपवर टाकल्याचा पुरावा मागणे संस्थाचालकांनी आणि अधिकाऱ्यांनी बंद करावे. आठवीपर्यंतच्या वर्गांना मोबाइलवर गृहपाठ देऊ नये, असे स्पष्ट परिपत्रक शालेय शिक्षण विभागाने जूनमध्ये शाळा सुरू होण्याआधी काढावे.

आपली,
एक निवृत्त शिक्षिका, कराड