कोनानचे सुरुवातीचे भाग

संपादक महोदय,

हल्ली घरात सगळे मोबाईलवर नवनवीन अ‍ॅनिमे बघतात, मी मात्र परत परत 'डिटेक्टिव्ह कोनान' या जपानी कार्टून मालिकेच्या 1996 सालच्या पहिल्या भागांकडेच वळतो आणि त्यावरून मुलांचं बोलणं पण खातो. पहिल्याच भागात रोलर कोस्टरवर खून होतो आणि शाळकरी गुप्तहेर शिनिची कुदो (हाच पुढे विषामुळे लहान मुलगा होतो आणि कोनान नाव घेतो) खुनी पकडतो कशावरून, तर तिच्या गालावरून आडवा गेलेला अश्रू बघून, कारण डोळ्यातलं पाणी एरवी खालीच येणार ना, आडवं जायचं तर भरधाव गाडीत बसूनच रडावं लागेल. एवढंसं निरीक्षण, पण मी उडालोच!

तेव्हा लोकांच्या हातात स्मार्टफोन नव्हते, त्यामुळे कोनानला फोन करायचा तर पब्लिक फोन शोधायला लागतो, आणि चित्रं पण हाताने रंगवलेली, जरा मळकट सावल्यांची, भीती वाटावी अशी. अकराव्या भागात एका बेटावर पियानोच्या सुरांमधून निरोप येतो, एकेक सूर म्हणजे एकेक अक्षर. शेवट सांगत नाही, पण कोनान तिथे कोड सोडवतो आणि तरी माणूस वाचवू शकत नाही, हे लहान मुलांच्या कार्टूनमध्ये दाखवायला हिंमत लागते राव.

शिनिचीला विष देणारी काळ्या कपड्यातली टोळी पुढे फारच ताणली असं माझं मत. कोनान ज्यांच्याकडे राहतो ते गुप्तहेर मोरी काका कोनानच्या घड्याळातली गुंगीची सुई लागून खुर्चीत कोसळतात ते बघायला मात्र अजून मजा येते.

एक वाचक, पुणे