कुमारांच्या कपाटाला कुलूप नको

मा. संपादक,
स. न.

मुलगा आणि मुलगी दोघांविषयी ओढ वाटणारी पात्रे ज्यांत आहेत, अशा इंग्रजी कुमार-कादंबऱ्या वाचनालयाने मुलांच्या कपाटातून काढाव्यात, निदान त्या कोणी नेल्या हे पालकांना कळवावे, अशी सूचना एका पालकांनी आपल्या सदरात केली आहे. त्यांची काळजी खरी आहे, पण सुचवलेल्या उपायाने मुलांचे नुकसानच होईल.

मी जीवशास्त्राची निवृत्त शिक्षिका. बडोद्याच्या दांडिया बाजारातल्या आमच्या घरी दर रविवारी आठ-दहा मुले वाचायला जमतात. बहुतेक गुजराती वा इंग्रजी माध्यमातली, मराठी घरात बोलणारी पण वाचताना अडखळणारी. गेल्या पावसाळ्यात दहावीतली एक मुलगी सगळे गेल्यावर मागे थांबली. हातात ॲलिस ओसमन यांच्या ‘हार्टस्टॉपर’ या चित्रकादंबरीचा दुसरा भाग होता. रग्बी खेळणारा एक मुलगा दुसऱ्या मुलाच्या प्रेमात पडतो, पुष्कळ दिवस मनाशी गोंधळतो आणि शेवटी आईला सगळे सांगतो, ते पान उघडून तिने विचारले, “बाई, याला मराठीत काय म्हणतात? मला आईला मराठीतच सांगायचंय.” कोशात तिला ‘उभयलिंगी’ हा शब्द मिळाला होता. तो मी स्वतः वर्षानुवर्षे फळ्यावर गांडुळासाठी लिहिला आहे: एकाच शरीरात नर आणि मादी अशी दोन्ही जननेंद्रिये असलेला जीव. कोणाविषयी ओढ वाटते, याचा त्याच्याशी काहीही संबंध नाही. ‘उभयलैंगिक’ हा त्यातल्या त्यात बरा शब्द मी तिला दिला खरा, पण तो स्वयंपाकघरात आईसमोर उच्चारता येईल असा नाही, हे मलाही कळत होते. काही आठवड्यांनी तिने आईला सांगितले ते असे: “मी बायसेक्शुअल आहे, म्हणजे मला दोघंही आवडू शकतात.” हे तिची परवानगी घेऊनच लिहीत आहे.

‘वय आहे, पुढे काय ते एक ठरेल’ हे वाक्य अशा मुलांना घरचे ऐकवतात, आणि समलिंगी मित्रमंडळींकडूनही ते ऐकावे लागते. दोन्हीकडून ठरवण्याची घाई. चांगली कादंबरी ही घाई करत नाही. न ठरलेल्या मनाला ती दोनशे पाने सोबत करते.

हे खूळ परदेशातून आले, असेही त्या पत्रात म्हटले आहे. विजय तेंडुलकरांचे ‘मित्राची गोष्ट’ रंगभूमीवर आले 1981 साली, आणि त्यातली मुलीवर प्रेम करणारी मित्रा शेवटी आत्महत्या करते. सचिन कुंडलकरांच्या ‘कोबाल्ट ब्लू’मध्ये (2006) भाऊ आणि बहीण एकाच भाडेकरूच्या प्रेमात पडतात, पण दोघांशीही नाते जोडणाऱ्या त्या तरुणाला कादंबरीत ना नाव आहे, ना स्वतःचे निवेदन. दोन्ही कृती मला मोलाच्या वाटतात, मात्र त्या प्रौढांसाठी लिहिल्या गेल्या. पंधरा वर्षांच्या मुलाने मराठीत वाचावे आणि शेवटी पात्र जिवंत, हसते राहावे, असे पुस्तक मी शोधते आहे आणि अजून मला ते मिळालेले नाही. मराठी लेखकांनी आणि दिवाळी अंकांच्या संपादकांनी हे काम मनावर घ्यावे, अशी माझी कळकळीची विनंती आहे.

सर्वोच्च न्यायालयाने 6 सप्टेंबर 2018 रोजी प्रौढांमधले संमतीचे समलिंगी संबंध गुन्ह्याच्या कक्षेबाहेर काढले. आजचे दहावीतले मूल तेव्हा प्राथमिक शाळेत होते. बडोद्याबद्दल तर काय सांगावे! सयाजीराव महाराजांनी 1906 मध्ये संस्थानभर प्राथमिक शिक्षण सक्तीचे केले, 1910 मध्ये ग्रंथपाल विल्यम बोर्डन यांना अमेरिकेतून बोलावून ग्रंथालये उभी केली आणि पुस्तकांच्या पेट्या खेड्यापाड्यांत धाडल्या. त्या शहरात पुस्तक मुलाच्या हाताबाहेर ठेवण्याची सूचना वाचून मन विषण्ण झाले.

एखाद्या पुस्तकात शारीरिक वर्णन वयाला न शोभणारे असेल, तर ते वरच्या कपाटात जरूर ठेवावे. मात्र मुलगा-मुलीच्या प्रेमकथेला जी फूटपट्टी, तीच इथे लावावी. आणि पुस्तक कोणी नेले हे घरी कळवण्याची सूचना वाचनालयाने स्पष्टपणे नाकारावी. माझ्याकडे आलेल्या मुलीला आईशी बोलायला काही आठवडे लागले. ते आठवडे तिचे होते. नोंदवहीतली एक ओळ आधी घरी पोहोचली असती, तर ती आईशी स्वतःहून बोलली असती असे मला वाटत नाही.

– एक निवृत्त शिक्षिका, दांडिया बाजार, बडोदे