मि गोरेंग घरी करायचं तर

प्रिय सुहास,

सप्रेम नमस्कार.

तुझं पत्र वाचलं. नूडल्सचा गोळा होतो, सॉस कडवट लागतो आणि एवढा खटाटोप करून चव शेवटी हाक्का नूडल्सचीच येते, या तिन्ही तक्रारींची कारणं वेगवेगळी आहेत. शेवटच्या तक्रारीपासून सुरू करतो, कारण खरी गोम तिथे आहे.

जावामधलं मि गोरेंग, म्हणजे इंडोनेशियातल्या परतलेल्या नूडल्स, वाटणावर उभं राहतं. आलं-लसूण बारीक चिरून तेलात टाकलं की पदार्थ चिनी वळणावर जातो. जावाच्या स्वयंपाकात या वाटणाला बुंबू म्हणतात आणि ते दगडी खलात वाटतात. दोघांसाठी सांबारात घालतात तसले छोटे कांदे 5-6, लसणाच्या 4 पाकळ्या, अर्धा छोटा चमचा पांढरी मिरी, 3 कमिरी आणि एक मोठा चमचा सुकी सोललेली कोळंबी घे. यात आलं नको. कमिरी हे तेलकट बी आहे, त्याने वाटण मिळून येतं. ते कच्चं खायचं नाही, पोटाला बाधतं. आपल्याकडे ते सहसा मिळत नाही, तेव्हा 6 काजू घाल. गोडवा किंचित वाढेल, पण काम भागेल. कोळंबीसाठी मात्र बाहेर शोधत बसू नकोस. कोकणातले सोडे हीच ती वस्तू. कोमट पाण्यात 15 मिनिटं भिजव, पिळून घे आणि आधी तेच वाट, नाहीतर चोथा राहतो. मिक्सर वापरलास तर पाणी न घालता चमचाभर तेल घाल. पाणी घातलेलं वाटण परतलं जात नाही, नुसतं उकळत राहतं.

आता कॅचप मानिस, म्हणजे इंडोनेशियाचा दाट, गोड सोया सॉस. आपल्या दुकानातला 'डार्क सोया' त्याच्याऐवजी चालत नाही. तो रंगाने काळा असला तरी मुळात खारट असतो. बाटली मिळाली तर उत्तमच, नाहीतर घरी कर. 200 ग्रॅम गूळ 50 मिलिलिटर पाण्यात वितळव, गडद होऊन फसफसेपर्यंत मंद आंचेवर ठेव, मग 200 मिलिलिटर साधा खारट सोया सॉस, एक चक्रीफूल आणि ठेचलेल्या 2 लसूण पाकळ्या टाक. दहाएक मिनिटांत पातळ मधासारखा झाला की उतरव. गरम असताना दाट वाटेपर्यंत थांबलास तर गार झाल्यावर त्याची चिक्की होईल. जावामध्ये यासाठी नारळाच्या किंवा ताडवर्गातल्या दुसऱ्या झाडाच्या रसाचा गूळ वापरतात. गोव्यात माडाचा काळा गूळ मिळतो, तो याचा सख्खा भाऊ. कोणी तिकडून येणार असेल तर मागव. उसाच्या गुळाने गोडी येते, पण तो धुरकट वास येत नाही.

नूडल्स अंड्याच्या, जरा जाड, सुक्या 200 ग्रॅम. पाकिटावर 4 मिनिटं लिहिली असतील तर 3 मिनिटांत काढ, मधे अजून बारीकसा कण दिसला पाहिजे. गार पाण्याने धू, पूर्ण निथळ, छोटा चमचा तेल चोळ आणि ताटात पसरून ठेव. चाळणीत ढीग करून ठेवल्या की आतल्या वाफेने शिजतच राहतात आणि एकमेकींना धरतात. तुझा गोळा तिथे तयार होतो, कढईत नाही.

बाकी तयारी थोडकी आहे: उकडून हाताने तोडलेलं चिकन 150 ग्रॅम, त्याच चिकनचं पाणी 100 मिलिलिटर, 2 अंडी, मूठभर जाड चिरलेली कोबी, मूठभर पाक चोय किंवा मोहरीची कोवळी पानं, एक टोमॅटो, कांद्याची पात, थोडी सेलरीची पानं. सेलरी नसेल तर सोडून दे, पण कोथिंबीर घालू नकोस, तिचा वास सगळ्यावर बसतो.

लोखंडी कढई चांगली तापव. 3 मोठे चमचे तेल घाल, आंच मध्यम कर आणि वाटण 3-4 मिनिटं परत. कांद्याचा कच्चा वास जाऊन कडेने तेल सुटलं पाहिजे. काजू लवकर लागतात, म्हणून हात थांबवू नकोस. वाटण बाजूला सारून अंडी फोड, मोठे तुकडे राहतील असं हलव. चिकन, कोबी आणि चिकनचं पाणी घाल. पाण्याला उकळी आली की आंच पूर्ण मोठी कर, नूडल्स टाक आणि 3 मोठे चमचे कॅचप मानिस, एक चमचा खारट सोया सॉस, पाव छोटा चमचा मीठ थेट नूडल्सवर घाल. कढईच्या तापलेल्या उघड्या लोखंडावर गोड सॉस पडला की त्यातला गूळ क्षणात करपतो. तुझ्या कडवटपणाचं मूळ हेच. पाणी आटेपर्यंत, साधारण 2 मिनिटं, दोन लाकडी उलथन्यांनी खालून वर उचलत राहा. झाऱ्याने ढवळल्या की तुटतात. पानं, टोमॅटो, पात शेवटच्या अर्ध्या मिनिटात.

चव फक्त गोड लागली तर मीठ कमी पडलंय, सॉस वाढवू नकोस. तळाशी किंचित ओल राहिली तरी हरकत नाही. मुद्दाम लपथपीत ठेवलेला प्रकारही तिकडे आवडीने खातात, त्याला न्येमेक म्हणतात.

एका वेळी दोघांपुरतंच कर. जावामधले बाक्मीवाले, म्हणजे नूडल्स विकणारे, कोळशाच्या शेगडीवर बहुधा एकेक प्लेट करतात, गिऱ्हाईक ताटकळलं तरी. घरच्या गॅसवर चौघांचं एकदम टाकलं की कढई थंड पडते, पाणी आटत नाही आणि तोवर नूडल्सचा लगदा होतो. वाटण मात्र चौघांचं एकदम कर, परतलेलं फ्रिजमध्ये आठवडाभर टिकतं.

वरून तळलेला कांदा, सोबत हिरवी मिरची आणि आचार. हे आचार म्हणजे काकडी-गाजराचे तुकडे 3 चमचे व्हिनेगर, एक चमचा साखर आणि चिमूटभर मिठात अर्धा तास मुरवलेले. ते टाळू नकोस, एवढ्या गोडाला आंबट लागतंच. वहिनी सोडे खात नसतील तर त्यांच्या वाटणातून ते गाळ, चिकन आणि त्याच्या पाण्याऐवजी मशरूम आणि मशरूम उकळलेलं पाणी घे, आणि मीठ चिमूटभर वाढव.

तुझा,
वसंता