कापण्याआधी विचारणाऱ्या दादांना

आदरणीय दादा,

कोकणातल्या दशावतारी नाटकावरच्या आमच्या माहितीपटाच्या शेवटी ‘संगीत संकलन’ या शब्दांपुढे तुमचं नाव चार सेकंद दिसतं. फोनवर आभार मानले की तुम्ही विषय बदलता, म्हणून हे सगळ्यांसमोर, तुमचं नाव न घेता.

आधीच्या स्टुडिओने करून ठेवलेला घोळ तुम्ही ऐकताक्षणी ओळखलात. जत्रेतल्या रेकॉर्डिंगचा सॅम्पल रेट (सेकंदाला आवाजाचे घेतलेले नमुने) 44.1 किलोहर्ट्झ, प्रोजेक्टचा 48, आणि फाइल रूपांतर न करताच त्यात ढकललेली. त्यामुळे ती जास्त वेगाने वाजून नाटकातलं 240 सेकंदांचं युद्ध 220 सेकंदांत उरकत होतं. काळी एक पट्टीतली पायपेटी (पायाने भाता चालवायची हार्मोनियम) पांढरी दोन आणि काळी दोन यांच्या मधेच लोंबकळत होती. वर ते चित्राशी जुळावं म्हणून ताणलं. वेळ जुळली, सूर मात्र चढाच राहिला आणि झांजेचा ठोका फिसकटला. विचारलं तर म्हणाले, ‘गावाकडच्या वाद्यांचा आवाज असाच असतो.’ ते वाक्य अजून टोचतं.

तुम्ही मूळ फाइली मागवून पहिल्यापासून सुरुवात केलीत. पुढचं काम त्याहून अवघड. चित्राच्या संकलनात तो प्रसंग 11 सेकंदांनी आखूड झाला होता. मृदंग क्लिकवर, म्हणजे यंत्राच्या ठरलेल्या ठोक्यावर, वाजत नाही. युद्धात लय चढत जाते, म्हणून सॉफ्टवेअरच्या समान अंतराच्या ग्रिडवर कापलं की कट समेच्या (तालाच्या पहिल्या मात्रेच्या) अलीकडे-पलीकडे पडतो. एकाच जागी जास्त काढलं तर लय उडी मारते. म्हणून तालाची चार आवर्तनं (पूर्ण फेऱ्या) काढलीत, तीही दोन-दोन करून दोन ठिकाणी. कट समेच्या थापेच्या किंचित आधी, क्रॉसफेड (एक तुकडा विरताना दुसरा वर येणं) जेमतेम 10 मिलिसेकंदांचा. झांजेची आस (मागे रेंगाळणारा नाद) दुसऱ्या ट्रॅकवर विरू द्यायची, नाहीतर ती कचकन तुटते. आवर्तनांत न बसलेला पाऊण सेकंद युद्धाआधीच्या पेटीच्या लांब सुरातून काढलात. तिथे क्रॉसफेडला हवी तेवढी जागा असते.

हे जमणारे मुंबईत आणखीही असतील. पण कापण्याआधी तुम्ही वेंगुर्ल्याला मृदंगवाल्या बुवांना फोन लावलात, तुकडा ऐकवलात आणि विचारलंत, ‘बुवा, यातली चार आवर्तनं द्याल का? कुठली देऊ शकाल?’

बुवा थोडा वेळ गप्पच होते. मग म्हणाले, ‘मधली घेवा. शेवटच्याक हात लावू नकात, थंय राक्षस पाय आपटता.’ ती थाप तालासाठी नव्हती, त्या पायासाठी होती. कॅमेरा तेव्हा राजावर होता. आपटलेला पाय चित्रात दिसतच नाही. पडद्यावरच्या आवाजाच्या आलेखावरून, कुठल्याही वेव्हफॉर्मवरून, हे कुणाला कळलं असतं?

फोन ठेवल्यावर बुवा आम्हाला म्हणाले, ‘आजपर्यंत आमका कोणी इचारल्यान नाय.’ रात्र रात्र वाजवणारा माणूस हे बोलला, दादा. स्टुडिओत बसून समोरच्या कलावंताला मान देणं ही किती साधी गोष्ट, आणि ती मिळायला त्यांना किती वर्षं लागली! क्यू-शीटवर (चित्रात वापरलेल्या संगीताच्या यादीत) प्रत्येक तुकड्यापुढे तिन्ही वादकांची नावं तुम्ही न सांगता लिहिलीत, तेही त्यांना वाचून दाखवलं.

कार्तिकात जत्रा सुरू होतील. पेटीच्या बाजूला, मृदंग नीट ऐकू येईल अशी एक जागा बुवांनी तुमच्यासाठी धरून ठेवली आहे. रात्री उशिराच या, युद्ध पहाटेकडे असतं.

तुमचे,
माहितीपटाची सगळी मंडळी