नंदू, तुझ्या दिवाळीतल्या प्रश्नाचं उत्तर

सातारा
१० जानेवारी

प्रिय नंदू,
सप्रेम नमस्कार वि. वि.

दिवाळीत आलास तेव्हा माळ्यावरून अण्णांची ट्रंक उतरवायला हात लावलास, आठवतं ना? काळी लोखंडी, झाकणावर पांढऱ्या रंगात नंबर, नाव आणि पलटण. तिच्यावरच बसून आपण चहा प्यायलो आणि माझी नेहमीची रोमची टकळी सुरू झाली. मध्येच तू म्हणालास, "सेनापतींचं समजलं रे, त्यांना सत्ता हवी होती. पण साध्या शिपायाला आपल्याच शहरावर चालून जाताना काहीच वाटलं नाही?" मी तोंड उघडणार, तेवढ्यात तुझा ड्रायव्हर हॉर्न वाजवायला लागला. तेव्हापासून ते उत्तर माझ्या डोक्यात घोळतंय. इ.स.पू. ४९ मध्ये सीझर फौज घेऊन रुबिकॉन नदी ओलांडून रोमकडे निघाला ती तारीख आजचीच धरतात, म्हटलं आज लिहूनच टाकू.

(तारीख जानेवारीची असली तरी प्रत्यक्षात थंडी नुकतीच पडायला लागली होती. वर्षाचा मेळ घालायला रोमनांनाही आपल्यासारखा अधिक महिना धरावा लागे. तो धरायचं काम ज्या पुरोहितमंडळाचं, त्याचा मुख्य होता खुद्द सीझर, आणि तो तर आठ-नऊ वर्षं गॉलमध्ये, म्हणजे आजच्या फ्रान्सकडे, लढत बसलेला. त्यामुळे पंचांग ऋतूंच्या पुढे पळालेलं.)

पण रुबिकॉन म्हणजे गोष्टीचा मध्य. सुरुवात त्याच्या ३९ वर्षं आधीची, नोला नावाच्या गावाबाहेरच्या छावणीतली. आणि तिथे पोचण्याआधी मारियस नावाच्या सेनापतीला रामराम केल्याशिवाय भागत नाही.

जुना रोमन सैनिक म्हणजे साधारण आपला शिलेदार समज. घरची जमीन, घरचं हत्यार, मोहीम संपली की परत नांगराला. पुढे लढाया स्पेनात, आफ्रिकेत व्हायला लागल्या, एकेक मोहीम वर्षानुवर्षं चालायला लागली आणि असे शेतकरी मिळेनासे झाले. इ.स.पू. १०७ मध्ये कॉन्सल (वर्षापुरते निवडलेले दोन सर्वोच्च अधिकारी, त्यांतला एक) झालेल्या मारियसने आफ्रिकेतल्या जुगुर्था राजाविरुद्धच्या युद्धासाठी भूमिहीनांना भरती केलं. जनगणनेत ज्यांची मालमत्ता शून्य म्हणून नुसती डोकी मोजली जायची, ते हे लोक. यावर इतिहासकारांनी 'मारियसच्या सुधारणा' म्हणून मोठा डोलारा उभारलाय. मला तो फारसा पटत नाही. मालमत्तेची अट आधीपासूनच खाली खाली येत होती, त्याने किलकिलं दार सताड उघडलं इतकंच. पण त्यातून एक प्रश्न उरला: युद्ध संपल्यावर या माणसाने जायचं कुठे? त्याला परतायला शेतच नव्हतं. सेनेटने, म्हणजे बड्या घराण्यांच्या सभेने, हा प्रश्न कधी अंगाला लावून घेतला नाही. जमीन वाटणाऱ्याचा भाव वधारतो, ही त्यांना भीती. मग प्रत्येक वेळी सेनापतीलाच आपल्या माणसांसाठी भांडून, मतं फिरवून, प्रसंगी दंगा घडवून जमीन मिळवावी लागे.

आता इ.स.पू. ८८. सुल्ला कॉन्सल आहे. पूर्वेकडच्या मिथ्रिडेटीस राजावर चालून जायचा हुकूम त्याच्याकडे आहे आणि नोलाजवळ त्याची सहा लीजन, म्हणजे रोमन पलटणी, तयार आहेत. आशियाची मोहीम म्हणजे लूट, हे प्रत्येकाला ठाऊक. तिकडे रोममध्ये सुल्पिसियस नावाच्या ट्रिब्यूनने (सामान्य लोकांचा निवडलेला प्रतिनिधी) कायदा करून तो हुकूम काढून घेतला आणि सत्तरीला टेकलेल्या मारियसला दिला. सुल्लाने सैनिकांना गोळा केलं. आपला कसा अपमान झाला ते सांगितलं, तयार राहा म्हणाला आणि थांबला. रोमचं नाव त्याने काढलंच नाही. मारियस दुसरीच माणसं घेऊन जाईल आणि आपली लूट बुडेल हे शिपायांनी आपणच ताडलं, आणि "चला रोमला" अशी आरोळी त्यांच्यातूनच उठली. ताबा घ्यायला मारियसने अधिकारी पाठवले होते, त्यांना त्यांनी दगडांनी ठेचून मारलं.

आणि सुल्लाचे स्वतःचे अधिकारी? एक क्वेस्टर, म्हणजे खजिना सांभाळणारा अधिकारी, सोडला तर सगळे छावणी सोडून निघून गेले. आपल्या शहरावर फौज नेणं त्यांच्याच्याने झालं नाही. म्हणजे तुझा प्रश्न त्या छावणीत तेव्हाच पडला होता, आणि रांगेतल्यांनी एक उत्तर दिलं, वरच्यांनी दुसरं. अधिकाऱ्यांची घरं, नातीगोती, पुढची निवडणूक, सगळं रोममध्ये. रांगेतल्या माणसाचं तिथे काय होतं? फौज शहरात शिरली तेव्हा लोकांनी छपरांवरून कौलं आणि दगड फेकले. सुल्लाने स्वतः मशाल हातात घेतली आणि छपरांवर जळते बाण सोडायला लावले.

त्यानंतरचं रक्त मी भरभर ओलांडतो, तुला त्यात गोडी नाही आणि मलाही आता राहिली नाही. मारियस पळाला, परतला, सूड घेतला आणि सातव्यांदा कॉन्सल होऊन दोन-तीन आठवड्यांत मेला. सुल्ला पूर्वेकडून ८३ मध्ये परत आला, ८२ च्या १ नोव्हेंबरला रोमच्या कोलाइन दरवाजाशी जिंकला आणि मग चौकात नावांच्या याद्या लागल्या. यादीत नाव आलं की कोणीही मारावं आणि बक्षीस घ्यावं. विरोधात गेलेल्या गावांच्या जमिनी त्याने आपल्या माणसांना वाटल्या. त्यांचा आकडा एक लाख वीस हजार असा आपियन हा प्राचीन इतिहासकार देतो. नंतर ज्वालामुखीखाली गेलेलं पॉम्पेई, तिथेही सुल्लाचे शिपाई घरमालक होऊन बसले होते.

इथे जरा अण्णांबद्दल. ते रिटायर झाले तेव्हा पेन्शनचा एक कागद कुठल्याशा कचेरीत सात महिने अडकला होता. आई उधारीवर किराणा आणायची. अण्णांनी सरकारला एकदाही शिवी दिली नाही, पण त्या सात महिन्यांत त्यांनी एकच पत्र लिहिलं, आणि ते कचेरीला नव्हतं, जुन्या कर्नलसाहेबांना होतं. मी तेव्हा नववीत. मला चीड आली होती, कचेरीचं काम साहेबांना कशाला सांगायचं म्हणून. रोमन शिपायाला तर अडकून पडायला कचेरीही नव्हती. जे काय होते ते साहेबच.

सीझरने हे पुरतं ओळखलेलं. त्याने पगार दुप्पट केला. पॉम्पी या दुसऱ्या बड्या सेनापतीशी यादवी सुरू झाली तेव्हा त्याच्या प्रत्येक सेंच्युरियनने, म्हणजे तुकडीच्या नायकाने, आपल्या गाठीच्या पैशातून एकेक घोडेस्वार पोसायची तयारी दाखवली. गॉलमध्ये उजवा हात असलेला लाबिएनस तेवढा पॉम्पीकडे गेला, तर सीझरने त्याचं सामान आणि पैसे मागोमाग पाठवून दिले! हे औदार्य की टोमणा, मला अजून ठरवता आलेलं नाही.

पण मला तुला सांगायचंय ते इलेर्डाचं. इ.स.पू. ४९, स्पेन. आफ्रानियस आणि पेट्रेयस हे पॉम्पीचे सरदार, समोर सीझर, दोन्ही छावण्या अगदी जवळ. एके दिवशी आफ्रानियस आणि पेट्रेयस पाण्यापर्यंतचा तट बांधून घ्यायला बाहेर गेले, आणि मागे त्यांचे शिपाई छावणीबाहेर येऊन समोरच्यांत आपल्या गावचा, ओळखीचा कोणी आहे का ते शोधायला लागले. तुमचा सेनापती शब्दाला पक्का आहे का, आम्ही हत्यार ठेवलं तर जीव वाचेल का, अशी चौकशी. मग एकमेकांना तंबूत नेणं. थोड्या वेळात दोन छावण्यांची एक झाल्यासारखी झाली. खुद्द आफ्रानियसचा मुलगा मध्यस्थामार्फत आपल्या आणि बापाच्या जिवाची बोलणी करायला लागला.

पेट्रेयसला कळलं तसा तो आपले अंगरक्षक घेऊन धावत आला आणि सापडतील त्यांना कापत सुटला. सीझरच्या माणसांनी डाव्या हाताला अंगरखे गुंडाळून त्यांचीच ढाल केली, तलवारी उपसल्या आणि लढत लढत आपली छावणी गाठली. मग पेट्रेयस रडत रडत तंबूतंबूतून फिरला, सगळ्यांकडून शपथ घेतली आणि फर्मान काढलं, ज्याच्याकडे सीझरचा माणूस असेल त्याने तो हजर करावा. काहींनी केले. त्यांना सगळ्यांसमोर मारलं. पण बहुतेकांनी आपले पाहुणे लपवून ठेवले आणि रात्री तटावरून बाहेर काढून दिले.

ही हकिकत सीझरनेच लिहिलेली आहे, तेव्हा त्यात पदरचं किती घातलंय ते देवाला माहीत. तरी मी ती बऱ्याचदा वाचतो. दिवसा शपथ घेतलेला तो शिपाई, रात्री शत्रूच्या शिपायाला हाताला धरून तटापर्यंत नेतोय. "काहीच वाटलं नाही?" या तुझ्या प्रश्नापुढे मला हा माणूस उभा करावासा वाटतो.

सीझरने पॉम्पीला हरवलं त्या फार्सालसच्या लढाईची वर्णनं तू कुठेही वाचशील, ती सोडतो. त्यानंतरच्या वर्षी, ४७ मध्ये, सीझरच्याच जुन्या लीजनांनी बंड केलं. बक्षिसं बाकी, जमीन बाकी, आणि समोर आफ्रिकेची आणखी एक मोहीम. सीझर एकटा त्यांच्यापुढे जाऊन उभा राहिला. काय हवंय? त्यांना वाटलं, माणसं त्याला हवीच आहेत, म्हणून म्हणाले, आम्हाला मोकळं करा. तो म्हणाला, केलं. कबूल केलेलं सगळं देईन, विजयाची मिरवणूक दुसऱ्यांबरोबर काढली की. आणि एरवी 'सोबत्यांनो' म्हणणाऱ्या माणसाने त्यांना हाक मारली 'क्विरिटेस', म्हणजे 'नागरिकहो'. त्या एका शब्दाने ते कोसळले, परत घ्या म्हणून गयावया करायला लागले. मला हे विलक्षण वाटतं. रोमचा नागरिक हा खरा मानाचा शब्द, आणि तोच त्यांना हाकलून दिल्यासारखा लागला.

सीझर मेल्यावर उरलीसुरली लाजही गेली. ४४ च्या शरदात सीझरचा एकोणीस वर्षांचा वारस ऑक्टेव्हियन त्याच्या निवृत्त शिपायांच्या वस्त्यांतून माणशी पाचशे दिनार वाटत फिरत होता. वर्षाचा पगार सव्वादोनशे, त्यावरून हिशेब कर. सिसेरो हा सेनेटमधला नामांकित वक्ता ही बातमी ॲटिकसला, म्हणजे आपल्या दोस्ताला, पत्रातून कळवतो. (बघ, ही सवय जुनी आहे.) तिकडे सीझरचा जुना सरदार अँटनी याने ब्रुन्डिसियम बंदरात शंभर दिनार देऊ केले तर शिपाई त्याच्या तोंडावर हसले. त्याने चिडून काहींना ठार मारलं, आणि पुढे त्याची दोन लीजन सरळ पोराकडे गेली. दुसऱ्या वर्षी ऑक्टेव्हियनसाठी कॉन्सलपद मागायला सैनिकांचं शिष्टमंडळ आलं. सेनेट का-कू करतंय म्हटल्यावर एका सेंच्युरियनने अंगरखा बाजूला सारून तलवारीची मूठ दाखवली: तुम्ही करत नसाल तर ही करेल.

आणि ज्या जमिनीवरून एवढं रामायण, ती आली कुठून? इटलीतली अठरा भरभराटीची गावं शिपायांना कबूल झाली होती. रुबिकॉन ओलांडून सीझर पहिल्यांदा ज्या अरिमिनममध्ये शिरला, तेही त्यात. तिथल्या लोकांचा गुन्हा एवढाच की त्यांची जमीन चांगली होती. व्हर्जिलच्या एका कवितेत असा हुसकलेला मेंढपाळ आपला कळप घेऊन निघालाय. एक शेळी त्याला ओढून न्यावी लागतेय, कारण नुकतीच ती वाटेत उघड्या खडकावर व्यायलीय आणि जुळी करडं तिथेच टाकून यावी लागलीत. त्याच्या शेतात आता शिपाई पीक घेणार. आणि हा शिपाई कोण, तर ज्याला परतायला शेत नव्हतं तोच!

इ.स. ६ मध्ये ऑगस्टसने, म्हणजे त्याच ऑक्टेव्हियनने, सैनिकांच्या निवृत्तीसाठी वेगळा खजिना काढला. स्वतःचे १७ कोटी सेस्टर्स (चार सेस्टर्सचा एक दिनार) घातले आणि वारशावर पाच टक्के कर बसवला. श्रीमंतांनी बोंब ठोकली. मारियसच्या त्या भरतीला तोवर ११२ वर्षं झाली होती.

बरं, कर्नलसाहेबांचं उत्तर आलं होतं का, हे तू नक्की विचारशील. आलं होतं. चार ओळींचं, आणि महिन्याभरात पेन्शन सुरू झाली. त्या चार ओळींमुळे की कागदाची पाळी आली म्हणून, ते आम्हाला कधी कळलं नाही. अण्णा मात्र शेवटपर्यंत साहेबांचंच नाव घ्यायचे. पत्र ट्रंकेत तळाशी आहे, वर्तमानपत्राच्या घडीत.

वहिनींना नमस्कार, पोरांना आशीर्वाद. ट्रंक अजून हॉलमध्येच पडलीय, येता-जाता सगळ्यांच्या नडग्यांना लागते. परत माळ्यावर चढवायला दोन माणसं लागतात, तेव्हा शिमग्याला ये. आणि ड्रायव्हरला आणू नकोस.

तुझा,
बाळ्या