पवनचक्की मार्चपूर्वी फिरली पाहिजे : सभासदांना व गावकऱ्यांना आवाहन

सप्रेम नमस्कार, वि. वि.

वाचनालयामागची पवनचक्की येत्या मार्चपूर्वी पुन्हा पाणी ओढू लागेल, असा ठराव कार्यकारी समितीने एकमताने केला. ठराव करायला पैसे लागत नाहीत. पुढच्या कामाला लागतात, म्हणून हे पत्र.

आधी एक खुलासा. हल्ली बाहेरून येणारे लोक तिचे फोटो काढतात आणि खाली ‘पोर्तुगीज काळातली पवनचक्की’ असे ठोकून देतात. पोर्तुगालातल्या जुन्या पवनचक्क्या धान्य दळत. त्यांच्या शिडांच्या दोरांना मातीची पोकळ मडकी बांधलेली असत आणि त्या मडक्यांच्या शिट्टीवरून वाऱ्याचा जोर ओळखला जाई. आपल्या चक्कीने मूठभर पीठही कधी दळलेले नाही. ती ‘१२ पीयू ५००’ जातीची : १२ पाती, काम पंपाचे, चक्राचा व्यास ५०० सेंटिमीटर. नेदरलँड्सच्या ‘टूल’ या संस्थेने उत्तर प्रदेशातल्या गाझीपूरच्या संस्थेबरोबर तयार केलेला हा नमुना १९८०च्या दशकात सरकारी योजनेतून देशात ठिकठिकाणी उभा राहिला. त्यात गिअर नाही. चक्राचा एक फेरा म्हणजे पंपाचा एक ठोका. त्यामुळेच ती आपल्या वाड्यावरच्या लोहारालाही उघडून जोडता आली.

त्या लोहारदादांचे ऋण मोठे. क्रँकची पिन झिजली की ते स्वतःच्या भट्टीवर नवी करून देत आणि पैशांचा विषय निघाला की चहा मागत. विहिरीची जागा ज्या माउलीने दिली, तिने पाटीवर नाव घालू दिले नाही. पंपखोलीचे चिरे एका सभासदाने स्वतःच्या घराच्या कामातून बाजूला काढले, घराचा सोपो वर्षभर अर्धवट राहिला तरी. बोटीवर असलेल्या आपल्या तारवटी मंडळींनी प्रत्येक सुट्टीत उत्तम प्रतीचे ग्रीस आणून दिले. पुढे वीज आली, मोटर बसली आणि चक्की थांबली. पण पंपखोलीचा वाचनकक्ष झाला, टाकीच्या कठड्यावर मुले अभ्यासाला बसू लागली, मनोऱ्यावर दर दिवाळीत आकाशकंदील चढू लागला. गेल्या दिवाळीत कंदील बांधायला चढलेल्या मुलांनीच शेपटीची (चक्राला वाऱ्यासमोर धरणाऱ्या मागच्या पत्र्याची) बिजागरी गंजून धरल्याचे पाहिले.

हे दिसते तेवढे किरकोळ नाही. चक्र मनोऱ्याच्या बरोबर मध्यावर नसते, किंचित बाजूला असते. वारा फार झाला की ते आपोआप शेपटीकडे वळते आणि वाऱ्याला कड देते. बिजागरी धरली की चक्र समोरासमोर उभे राहते. वाऱ्याचा वेग दुप्पट झाला तर त्याची ताकद आठपट होते, आणि मृगाचा पहिला झोत कोणाची गय करत नाही. आपली ३ पाती अशीच पिळली गेली आहेत. खाली पंपात पिस्टनचे चामडी वायसर वाळून आकसले आहेत, ते पाणी धरत नाहीत. फूटव्हॉल्व्हची (नळाच्या तळाशी असलेल्या झडपेची) जाळी फाटल्याने गाळ आत जाऊन सिलिंडरला चरे पडले आहेत. उभा दांडा खाली येताना वाकतो, कारण त्याला आवरणारे लाकडी गाइड कुजले आहेत. गंजाचे बाकीचे काम खाऱ्या वाऱ्याने केले आहेच.

चक्की ताशी ८ ते १० किलोमीटरच्या वाऱ्यात फिरू लागते. फेब्रुवारी ते मे दुपारचा समुद्रवारा त्याहून बराच जोरात असतो. ताशी १५ किलोमीटर वारा आणि १० मीटर उचल धरली तर तासाला सुमारे ३,००० लिटर पाणी मिळावे. शाळेची परसबाग आणि वाचनालयाची झाडे यांना ते पुरेल, आणि नेमके उन्हाळ्यात वीज गेली म्हणून रोपे वाळणार नाहीत.

मागच्या वर्षीच्या पत्राला दोनच उत्तरे आली. त्यातल्या एकात ‘भंगारात किती येतील?’ असे विचारले होते. असो. ते पत्र आम्ही फाइलला लावले आहे.

अपेक्षित खर्च ₹१,४०,०००, जमा ₹५२,०००. वस्तुरूपाने चालेल : पात्यांसाठी गॅल्व्हनाइज्ड पत्रा, चामडी वायसर ४ (बसवण्यापूर्वी रात्रभर तेलात मुरवायचे आहेत, म्हणून आधी पोचवावेत), फूटव्हॉल्व्ह जाळीसह १, गाइडसाठी सागाचे तुकडे, झिंक प्रायमर १० लिटर, नटबोल्ट डबल नटसह. सिलिंडर घासून घ्यायला लेथवाला कोणी ओळखीचा असल्यास कळवावे. रोख रक्कम ग्रंथपालांकडे संध्याकाळी ५ ते ७, पावती घेतल्याशिवाय देऊ नये. खाते क्रमांक फलकावर. श्रमदान दिवाळीनंतर दर रविवारी सकाळी ७ ते ११. अकरानंतर वारा चढतो, तेव्हा वर कोणालाही ठेवणार नाही. चढण्यापूर्वी चक्र दोराने मनोऱ्याला बांधलेले आहे की नाही हे प्रत्येकाने स्वतः पाहावे. मनोऱ्याच्या पायऱ्यांवर गंजाची पूड आहे, चपला घालून येऊ नये.

आपला नम्र,
चिटणीस
(कार्यकारी समितीकरिता)